विष उतरल्यावर जे उरतं, त्याची नोंद

आजच्या विषयाचं नाव फळ्यावर लिहिलं, तेव्हा पुढच्या रांगेतल्या एका गृहस्थांनी विचारलं, "सर, हा डॉक्टरांचा विषय नाही का?" आहे. डॉक्टरांचा आहे, दवाखान्यातल्या कारकुनाचाही आहे. पण त्याच्या पोटात जो प्रश्न दडलेला आहे तो आमच्या धंद्यातला, आणि फार जुना. जे कारण आज अस्तित्वातच नाही, तेच आज दिसणाऱ्या कार्याचं कारण आहे, असं कशाच्या बळावर म्हणायचं?

आपल्याच भागातलं उदाहरण घेऊ. बोदवड म्हटलं की कपाशी आणि जिनिंग, हे वेगळं सांगायला नको. समजा, चाळिशीचा एक शेतमजूर आहे. कपाशी छातीला लागलेली, पाठीवर पंप, वारा समोरून. संध्याकाळी त्याला दरदरून घाम सुटतो, तोंडातून लाळ गळते, उलट्या होतात, डोळ्यांच्या बाहुल्या टाचणीच्या टोकाएवढ्या होतात, श्वास घुसमटतो. दवाखान्यात नेतात, अ‍ॅट्रोपिन देतात, सलाइन लावतात, आणि आठवड्याभराने माणूस घरी येतो. आपण म्हणतो, "विष उतरलं, वाचला." दोन-तीन आठवड्यांनी त्याच्या पोटऱ्यांत गोळे यायला लागतात, तळव्यांना मुंग्या येतात. मग पाऊल नीट उचलत नाही. चालता चालता चप्पल पायातून निसटते आणि याला कळतही नाही.

दीड वर्षाने तो दुसऱ्या एका डॉक्टरांकडे जातो. डॉक्टर तपासतात आणि कागदावर एक शब्द लिहितात: न्यूरोपथी. म्हणजे मज्जातंतूंचा विकार. निदान चुकीचं नाही. पण त्या एका शब्दात पंप नाही, शेत नाही, ती संध्याकाळ नाही. पुढे हा कागद जिथे जिथे जाईल, तिथे हा माणूस "पाय बधिर झालेला एक रुग्ण" एवढाच असेल. साखरेमुळे पाय बधिर झालेले असतात, दारूमुळे झालेले असतात, त्यांच्याच गठ्ठ्यात हा.

आता कोड म्हणजे काय ते थोडक्यात पाहू. जगभरच्या आजारांना आणि मृत्यूच्या कारणांना ठरावीक क्रमांक देणारी एक यादी आहे, तिला आंतरराष्ट्रीय रोगवर्गीकरण म्हणतात, इंग्रजी आद्याक्षरांनी आयसीडी. तिचं मूळ जाक बर्तियाँ नावाच्या फ्रेंच संख्याशास्त्रज्ञाने १८९३ साली शिकागोत मांडलेल्या मृत्युकारणांच्या यादीत आहे. म्हणजे ही यादी आधी मेलेल्यांसाठी होती. १९४८ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने ती हाती घेतली, तेव्हा तिच्यात जिवंत माणसांचे आजार नीट शिरले. दहावी आवृत्ती १९९० ची. अकरावी २०१९ मध्ये मंजूर झाली आणि १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली. आपण आज मुख्यतः दहावीबद्दल बोलू, कारण आपल्याकडे मृत्यूच्या कारणाच्या नोंदींचं काम इतकी वर्षं तिच्यावरच चालत आलं आहे.

या दहाव्या आवृत्तीत टी५१ पासून टी६५ पर्यंतचे क्रमांक हे "जी मुळात औषधं नाहीत अशा पदार्थांची विषबाधा" यासाठी राखलेले आहेत. कीटकनाशकं टी६० मध्ये येतात. त्यातही ऑर्गनोफॉस्फेट आणि कार्बामेट गटाची टी६०.० मध्ये, आणि कुठलं कीटकनाशक ते माहीतच नसेल तर टी६०.९. आपला मजूर दवाखान्यात आला त्या दिवशी त्याचा कोड टी६०.० असायला हवा होता. दीड वर्षाने तो येतो तेव्हा मात्र टी६० लावता येत नाही, कारण आता अंगात विष नाही. तेव्हासाठी एक वेगळा क्रमांक आहे, टी९७. त्याचा अर्थ, टी५१ ते टी६५ मधल्या विषबाधेचे मागे राहिलेले परिणाम. इंग्रजीत याला सिक्वेला म्हणतात. लॅटिन शब्द आहे, "मागोमाग येणारं" अशा अर्थाचा.

इथे नीट लक्ष द्या. टी९७ हा आजाराचा कोड नाही. टी९७ ने पाय बधिर होत नाहीत. पाय बधिर होतात त्याचा कोड निराळा आहे, जी६२.२, विषारी द्रव्यामुळे झालेला मज्जातंतूंचा विकार. टी९७ त्याच्या शेजारी बसतो आणि सांगतो, की हे जे आज दिसतंय ते त्या संपून गेलेल्या घटनेमुळे आहे. पहिल्या कोडमध्ये वस्तू नोंदली जाते, दुसऱ्यात संबंध. आणि आपली सगळी कागदपत्रं, रकाने, रजिस्टरं वस्तू मोजायला बनवलेली असतात. संबंध मोजायची त्यांना सवय नसते. म्हणून दोन कोडांपैकी एक गळतो, आणि गळतो तो नेहमी दुसराच.

अमेरिकेने स्वतःपुरती जी आवृत्ती केली आहे तिच्यात हाच संबंध मूळ कोडच्या शेपटाला एक अक्षर जोडून दाखवतात. सातव्या जागी 'ए' असेल तर उपचार चालू आहेत, 'डी' असेल तर पुढची तपासणी, आणि 'एस' असेल तर मागे राहिलेला परिणाम. अकराव्या आवृत्तीत कोड एकमेकांना साखळीसारखे जोडायची सोय आहे. न्यायशास्त्राच्या विद्यार्थ्याला हे बघून आनंद होईल, पण साखळी जोडायला कुणीतरी बसावं लागतं.

परिणाम "मागे राहिलेला" केव्हापासून म्हणायचा? दहाव्या आवृत्तीचा नियम असा, की डॉक्टरांनी तसं स्पष्ट लिहिलं असेल तर तेव्हापासून, किंवा मूळ घटनेला एक वर्ष वा त्याहून जास्त काळ लोटला असेल तर. एक वर्षच का? निसर्गात असं काही नाही. आपल्या मजुराला गोळे तीन आठवड्यांतच आले होते. एक वर्ष हा माणसांनी बसून ठरवलेला आकडा आहे. कुठेतरी रेघ मारावी लागते म्हणून मारली. मला त्यात गैर वाटत नाही, फक्त ती रेघ जमिनीवर आहे की कागदावर, याचं भान हवं.

आणखी एक बारकावा आहे, आणि तो शेतीच्या दृष्टीने फार महत्त्वाचा. दीर्घकाळ थोडं थोडं विष अंगात जात राहिलं, तर त्याला हा मागे राहिलेल्या परिणामाचा कोड लावू नये, चालू विषबाधेचाच लावावा, असं यादी सांगते. तर्काला धरून आहे, कारण तिथे घटना संपलेलीच नाही. पण मग जो माणूस वीस हंगाम फवारणी करतोय, कधी दवाखान्यात पडला नाही, आणि आता ज्याचे हात कापतात, त्याची घटना कोणती? सुरुवात कोणत्या तारखेला? त्याच्यासाठी कोड आहे, पण तो लावायला लागणारी गोष्ट सांगणारा कागद कुठेच नाही.

आता आमच्या प्रांतात येतो. नैयायिकांनी कारणाची व्याख्या करताना दोन अटी घातल्या. कारण कार्याच्या आधी नेमाने असलं पाहिजे, ही एक. आणि ते "अन्यथासिद्ध" नसलं पाहिजे, ही दुसरी. अन्यथासिद्ध म्हणजे जे तिथे असतं खरं, पण ज्याच्यावाचून अडत नाही. यासाठी कुंभाराच्या गाढवाचा दाखला प्रसिद्ध आहे. माती गाढवाच्या पाठीवरून आली, घडा होण्याआधी गाढव दारात उभं होतं, पण म्हणून गाढव घड्याचं कारण होत नाही. चाक, दंड, कुंभार, माती ही कारणं.

आता तुमच्यासमोर दीड वर्षानंतरचा मजूर बसलाय. डॉक्टर विचारतात: साखर आहे का? दारू पितोस का? बी-बारा तपासलं का? हे प्रश्न योग्यच आहेत. डॉक्टर इथे नैयायिकाचंच काम करतात. फवारणी हे चाक आहे की गाढव, ते ठरवतात. पण पंचाईत अशी, की ऑर्गनोफॉस्फेटचा पुरावा रक्तात टिकत नाही. ज्या एन्झाइमवर हे विष घाला घालतं, ते कोलिनेस्टरेज काही आठवड्यांत, तांबड्या पेशींतलं तीन-चार महिन्यांत, पुन्हा पूर्ववत होतं. दीड वर्षाने कितीही महागडी रक्ततपासणी केली तरी ती म्हणणार, सगळं ठीक आहे. साखर मात्र आजच्या रक्तात सापडते. म्हणजे दोन संशयितांपैकी एकच न्यायालयात हजर राहू शकतो, आणि शिक्षा त्यालाच होते. पन्नाशीकडे झुकलेल्या माणसाला थोडी साखर निघाली, की फवारणी तत्काळ गाढव ठरते.

मीमांसकांपुढेही अशीच अडचण होती. यज्ञ आज झाला, संपला, राख थंड झाली. फळ कधीतरी पुढे, कदाचित मेल्यावर. मधल्या काळात टिकून काय राहिलं? त्यांनी "अपूर्व" नावाची कल्पना मांडली. कर्माने उत्पन्न केलेली, डोळ्यांना न दिसणारी, फळ मिळेपर्यंत टिकणारी शक्ती. कुमारिल भट्टांच्या परंपरेत तिचा बराच ऊहापोह आहे. मी वर्गात शिकवायचो तेव्हा मुलांना हे पळवाटेसारखं वाटायचं. मला नाही वाटत. कारण गेलेलं आहे, कार्य पुढे आहे, तर दोघांना जोडणारं काहीतरी मध्ये मानावंच लागतं.

वैद्यकाने ते मधलं काय आहे हे शोधलं. मज्जातंतू म्हणजे लांब धागा असतो. काही ऑर्गनोफॉस्फेटं, सगळी नव्हेत, या धाग्याला असा धक्का देतात की तो टोकाकडून मरत मागे सरकतो. सर्वांत लांब धागे पायांकडे जातात, म्हणून त्रास पायांतून सुरू होतो. १९३० साली अमेरिकेत आल्याच्या अर्काच्या नावाखाली विकल्या जाणाऱ्या दारूत असलंच एक रसायन मिसळलं होतं, त्यातून हजारो माणसांचे पाय लुळे पडले, तेव्हा हा प्रकार जगाला ठळकपणे दिसला. याखेरीज, विषबाधेनंतर एक ते चार दिवसांत मान आणि श्वासाचे स्नायू ढिले पडण्याचा एक निराळा टप्पा असतो. तो १९८७ मध्ये श्रीलंकेतल्या डॉक्टरांनी वेगळा ओळखला. तर, शरीराच्या पातळीवर अपूर्व सापडलं आहे. कागदाच्या पातळीवर ते सापडलेलं नाही. तिथे ती जागा टी९७ ने भरायची असते.

आता भाषेकडे वळतो. मला यात सगळ्यांत जास्त धोका इथे दिसतो.

आपण कीटकनाशकाला काय म्हणतो? औषध. "औषध मारायला गेलाय." "कपाशीवर औषध टाकलं." दुकानावर पाटी "बी-बियाणे, खते, औषधे". झाडाच्या बाजूने पाहिलं तर ते औषधच आहे, त्यामुळे शब्द चुकीचा नाही. पण रुग्णाला घेऊन रात्री अकराला दवाखान्यात पोचलेली बायको सांगते, "औषध लागलं." किंवा घाबरून तोंडातून निघतं, "औषध गेलं पोटात." लिहून घेणाऱ्या माणसाने काय समजायचं? रोगवर्गीकरणात खऱ्या औषधांची विषबाधा टी३६ ते टी५० मध्ये, आणि तिचे मागे राहिलेले परिणाम टी९६ मध्ये. आपल्याकडचं "औषध" टी६० मध्ये आणि टी९७ मध्ये. पण ग्रामीण भागातले डॉक्टर हा शब्द ओळखतात, तिथे घोटाळा सहसा होत नाही.

खरा घोटाळा पुढे होतो. "औषध घेतलं" याचा आपल्याकडे दुसराही अर्थ आहे, आणि तो इथे कुणाला समजावून सांगायची गरज नाही. रोगवर्गीकरणात अपघाताने कीटकनाशकाची बाधा झाली तर एक्स४८, स्वतःहून घेतलं तर एक्स६८, आणि ठरवता येत नसेल तर वाय१८. क्रियापद एक बदललं की क्रमांक बदलतो. "औषध लागलं" आणि "औषध घेतलं" यांत माणसाचं सगळं पुढचं आयुष्य आहे. शेतकऱ्यांसाठीची गोपीनाथ मुंडे यांच्या नावाची जी अपघात योजना आहे, तिच्यात कीटकनाशकं हाताळताना झालेली विषबाधा अपघातात धरली जाते, आत्महत्या आणि आत्महत्येचा प्रयत्न वगळला जातो. म्हणून पहिल्या रात्रीच्या कागदावर काय लिहिलं आहे ते बघा. घरच्या माणसाने शांतपणे, पूर्ण वाक्यात सांगावं: फवारणी करत होता, अंगावर उडालं, नाकातोंडात गेलं.

यवतमाळचं प्रकरण तुम्हाला आठवत असेल. २०१७ चा पावसाळा. कपाशी माणसाच्या उंचीला गेलेली, त्यावर अनेकदा दोन-तीन कीटकनाशकं एकत्र करून फवारणी. वीसहून अधिक शेतकरी आणि शेतमजूर दगावले, शेकडो जण दवाखान्यात दाखल झाले, काहींची दृष्टी काही काळ गेली. राज्य सरकारने अमरावतीच्या विभागीय आयुक्तांच्या अध्यक्षतेखाली विशेष तपास पथक नेमलं. पुढे २०२१ मध्ये वाचलेल्या एका शेतकऱ्याने आणि दोन विधवांनी स्वित्झर्लंडमध्ये बाझलला सिंजेंटा कंपनीविरुद्ध दावा लावला. कंपनीने आपल्या उत्पादनाचा संबंध नाकारला. कायद्याचं काय होईल ते होवो, पण वाद कशावर आहे ते पाहा. त्या दिवशी पंपात कोणती बाटली होती, यावर. म्हणजे पुन्हा चाक की गाढव. आणि त्याचं उत्तर कुठल्या रक्ततपासणीत मिळणार नाही, त्या आठवड्यातल्या कागदांत मिळालं तर मिळेल.

मृतांचा आकडा वर्तमानपत्रांत रोज येत होता. दाखल झालेल्यांचाही येत होता. जे घरी गेले त्यांचा आकडा असा रोज छापून येत नाही, कारण घरी जाणं ही बातमी नसते.

भोपाळ आपल्यापासून फार दूर नाही, भुसावळहून गाडी थेट जाते. २ आणि ३ डिसेंबर १९८४ च्या मधल्या रात्री युनियन कार्बाइडच्या कारखान्यातून सुमारे ४० टन मिथाइल आयसोसायनेट सुटलं. १९८९ मध्ये ४७ कोटी डॉलरवर तडजोड झाली. पुढे पाच लाखांहून अधिक दावे मान्य झाले, आणि त्यांतले दर दहांतले नऊ "किरकोळ इजा" या गटात गेले. मी याकडे तत्त्वज्ञानाचा विद्यार्थी म्हणून बघतो. "तात्पुरती इजा" की "कायमची", हे ठरवायचं कशावरून? कागदावरून. आणि त्या रात्री धावत सुटलेल्या माणसाकडे कुठला कागद? भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेचा तिथला दीर्घकालीन पाठपुरावा १९९४ मध्ये थांबला. परिणाम कायमचा आहे की नाही, हे वर्षानुवर्षं पाहत राहिल्यानेच कळतं. पाहणं थांबलं तर तात्पुरता आणि कायमचा यांतला फरक सिद्ध करायचं साधनच जातं. वाढीव भरपाईची केंद्र सरकारची याचिका सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०२३ मध्ये फेटाळली.

जपानमध्ये मिनामाताच्या पाऱ्याच्या विषबाधेतही हेच झालं. १९५६ मध्ये आजार अधिकृतपणे नोंदला गेला. १९७७ मध्ये सरकारने ठरवलं की एकच लक्षण पुरे नाही, लक्षणांची ठरावीक जोडणी दिसली तरच रुग्ण म्हणून मान्यता. नुसते हात-पाय बधिर असलेली हजारो माणसं त्या व्याख्येबाहेर राहिली आणि पुढची कित्येक वर्षं कोर्टात उभी राहिली.

आपल्या योजनेकडे परत येतो. तिच्यात मृत्यूला २ लाख रुपये, दोन अवयव किंवा दोन डोळे कायमचे निकामी झाले तर २ लाख, एक अवयव किंवा एक डोळा गेला तर १ लाख. योजना वाईट आहे असं मी म्हणत नाही. पण ती शरीर अवयवांनी मोजते. पाय आहे, तुटलेला नाही, फक्त त्याला जमीन कळत नाही. हा अवयव गेला की राहिला? आणि लाभ खातेदार शेतकऱ्याला आणि त्याच्या कुटुंबातल्या एका सदस्याला. ज्याच्या नावावर सातबारा नाही, तो पंप पाठीवर घेणारा मजूर यात बसतच नाही, आणि पंप बहुतेक वेळा त्याच्याच पाठीवर असतो. अपंगत्वाच्या २०१६ च्या कायद्यात ४० टक्क्यांची अट आहे. ती टक्केवारी ठरवताना तुमच्या पायाचं बळ मोजतात. कारण कोणतं, हे तिथे गौण. त्यामुळे प्रमाणपत्र मिळूनही फवारणीचा आणि त्या पायाचा संबंध पुन्हा नोंदला जात नाही.

मग करायचं काय? कोड रुग्णाने मागायचा नसतो, तो कारकून लावतो. पण कारकून फक्त डॉक्टरांनी लिहिलेल्या शब्दांवरून लावू शकतो. म्हणून शब्द मागा. घरी सोडताना डिस्चार्ज कार्डावर विषाचं नाव, निदान गट, तारीख आणि "फवारणी करताना" हे शब्द आहेत का ते बघा. बाटली फेकू नका, तिचं लेबल जपा. कायद्याने लेबलवर रासायनिक नाव आणि रंगाचा चौकोन असावाच लागतो. त्यातला लाल त्रिकोण सर्वांत जहाल, मग पिवळा, निळा, हिरवा. दीड वर्षाने नव्या डॉक्टरांकडे गेलात तर जुनं कार्ड टेबलावर ठेवा आणि विनंती करा, "यामुळे झालं असं तुम्हाला वाटत असेल तर 'यामुळे' हा शब्द लिहा." वाटत नसेल तर लिहू नका, हेही सांगा. खोटा संबंध लिहून घेणं म्हणजे गाढवाला घड्याचं श्रेय देणं.

मागून एका ताईंची चिठ्ठी आली आहे. त्यांच्या भावाला पाच वर्षांपूर्वी बाधा झाली, कार्ड हरवलं, आता काही होईल का? ताई, वैद्यक परिषदेच्या २००२ च्या नियमांप्रमाणे डॉक्टरांनी दाखल रुग्णाचे कागद उपचार सुरू झाल्यापासून तीन वर्षं ठेवायचे असतात, आणि मागितले तर ७२ तासांत द्यायचे असतात. म्हणजे नियमाची मुदत तर गेली. पण विषबाधेचा रुग्ण आला की दवाखाना पोलिसांना कळवतो, त्याला एमएलसी नंबर पडतो. ते कागद सहसा जास्त वर्षं ठेवतात आणि पोलीस ठाण्यातही नोंद असते. भाऊ सरकारी दवाखान्यात होता का? असेल तर साल आणि महिना लिहून माहिती अधिकारात स्वतःच्या केसपेपरसाठी अर्ज करायला सांगा. खाजगी असेल तर आधी ठाण्यात विचारा. आणि ते मिळेपर्यंत, त्या दिवशी कोणाच्या शेतात फवारणी होती, सोबत कोण होतं, कोणत्या दुकानातून माल आणला होता, हे भावाकडून आजच लिहून घ्या आणि खाली तारीख टाका.